कोशात नसलेला आवाज

संथाली भाषेचा शब्दकोश करणाऱ्या सरांनी माझ्या शेडवरच्या कामगाराला फसवलं. त्याचा आवाज कायम जपून ठेवू असं कबूल करून त्यांनी तो चौदा दिवस रेकॉर्ड केला, त्यातले शब्द कागदावर उतरवून घेतले आणि आवाज पुसून टाकला. त्या करारावर साक्षीदार म्हणून माझी सही आहे, म्हणून हे मी लिहितो आहे.

माझा धंदा कोंबड्यांचा. मुरबाडहून माळशेजकडे जाताना टोकावड्याच्या अलीकडे आत रस्ता जातो, तिथे माझ्या तीन शेड आहेत. सुरुवात केली तेव्हा सायकलच्या दोन्ही बाजूंना टोपल्या बांधून सरळगावच्या बाजारात कोंबड्या नेत होतो. मला कोणी हाताला धरून वर आणलं नाही. जे मिळालं ते भांडून आणि भाव करून मिळालं. व्यापारी गाडी घेऊन आला की तो माझे पक्षी बघतो आणि मी त्याचा चेहरा बघतो. माझं डोकं लवकर तापतं हे आमच्याकडे सगळ्यांना माहीत आहे, आणि त्याचा मला धंद्यात उपयोगच झाला.

तो कामगार माझ्याकडे आला तो वाशिंदहून. तिथल्या एका कारखान्यातलं काम सुटलं होतं. मूळचा झारखंडचा, संथाल. सोबत बायको. दोघांना मी शेडच्या टोकाची खोली दिली. पहिल्या आठवड्यात माझं आणि त्याचं वाजलं. दोघं नवराबायको पाण्याची भांडी धूत काहीतरी बोलत होते आणि मला त्यातला एक शब्द कळत नव्हता. मालकासमोर कामगार न कळणारं बोलला की मालकाला वाटतं, आपल्याबद्दलच चाललंय. मी ओरडलो, "माझ्यासमोर मराठीत नायतर हिंदीत बोलायचं."

तेव्हा त्याला मराठी फारसं येत नव्हतं. वर्षभराने आलं, तेही आमच्याकडचंच, आमी-तुमी करत. मग एकदा त्याने मला त्या दिवसाचं उत्तर दिलं. म्हणाला, "शेठ, तवा आमी पिल्लं का मरतात ते बोलत होतो. तुमाला शिव्या द्यायच्या झाल्या तर मराठीतच देऊ. तुमाला कळायला पायजेत ना."

मला हसू आलं. माझ्या तोंडावर मला असं बोलणारी माणसं फार नाहीत. त्यानंतर मी त्यांच्या बोलण्यात कधी तोंड घातलं नाही.

सर आले ते उन्हाळ्यात. कोणाकडून तरी त्यांना कळलं होतं की इकडच्या पोल्ट्रीवर संथाल माणसं आहेत. एका मोठ्या संस्थेत ते काम करत, संस्थेचं नाव मी इथे घेत नाही. मी त्यांना गोदामापाशी थांबवलं आणि त्याला हाक मारली. तो खाद्याची बादली घेऊन आला. सरांनी त्याला "जोहार" म्हटलं आणि पुढे संथालीत दोन-तीन वाक्यं बोलले. त्याने बादली खाली ठेवली. हात चड्डीला पुसले, जोडले, आणि बायकोला मोठ्याने हाक मारली. ती ओल्या हातांनी धावत आली. गावाहून कोणी आलंय असं तिला वाटलं होतं. शहरातला, चष्मा लावलेला, आमच्यासारखाच दिसणारा माणूस तिची भाषा बोलतोय हे बघून ती आधी नवऱ्याच्या मागे गेली आणि मग तिथूनच सरांना प्रश्न विचारत सुटली. तिला इतकं बोलताना मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं.

सरांना शब्दकोश करायचा होता. प्रत्येक शब्द माणसाच्या तोंडून ऐकायचा, तो वापरून त्याने सहज बोललेलं एक वाक्य घ्यायचं, आणि ते वाक्य शब्दाबरोबर कार्डावर लिहायचं. घरापासून लांब गेलेल्या माणसांचं बोलणं त्यांना खास हवं होतं. ते म्हणाले, "आठ दिवस यांना आमच्याकडे नेतो. आमच्याकडे बंद खोली आहे, आवाज एकदम स्वच्छ येतो."

मी म्हटलं, "जमणार नाही."

कारण पिल्लं यायची होती. नव्या पिल्लांचे पहिले आठ-दहा दिवस शेडवरचा माणूस हलत नाही. ऊब कमी पडली की पिल्लं एका कोपऱ्यात एकावर एक चढतात आणि खालची गुदमरतात. त्याच्या हाताला हे काम बसलं होतं. पिल्लांच्या नुसत्या आवाजावरून तो सांगायचा की थंडी वाजतेय की तहान लागलीय. असा माणूस मी आठ दिवस कोणाला देईन?

मग मी भाव करायला बसलो. काम इथेच होईल. दुपारी दोन तास, तेही त्याचं काम आटपल्यावर. त्या तासांची मजुरी वेगळी. जेवण सरांनी आमच्याकडेच करायचं, म्हणजे वेळ जाणार नाही. पुस्तकात त्याचं नाव छापायचं, पूर्ण, गावासकट. दोन प्रती त्याला द्यायच्या. सर प्रत्येक गोष्टीला आधी नाही म्हणाले आणि मग हो म्हणाले. शेवटी एकच तक्रार राहिली.

"इथे पिल्लांचा आवाज येईल हो."

"येऊ द्या," मी म्हटलं. "पिल्लं काय मधे बोलून अर्थ सांगणार आहेत?"

सर हसले. मीही हसलो. सगळं मला हवं तसं झालं होतं.

तो मात्र तयार नव्हता. माझं बोलणं घेऊन हे करणार काय, असं त्याने मला बाजूला घेऊन विचारलं. मला तरी काय माहीत? त्याच्या बायकोने सरांनाच विचारलं, आणि सरांनी तिला काहीतरी सांगितल्यावर तिने नवऱ्याकडे बघून मान हलवली. मी सरांना विचारलं, काय बोललात. ते म्हणाले, "हे किती दिवस राहील असं विचारत होत्या. मी सांगितलं, तुम्ही-आम्ही जाऊ, आवाज राहील." मग त्यांनी कागद काढला. त्यात लिहिलं होतं की सदर व्यक्तीचा आवाज संशोधनासाठी घेऊन जतन करण्यात येईल. त्याने सही केली, खाली मी केली. कागदाची माझी प्रत कपाटात आहे.

चौदा दुपारी ते चाललं. गोदामाच्या ओट्यावर तो खाद्याच्या गोणीवर बसायचा, सर खुर्चीवर. मधे बोटाएवढं यंत्र. सर शब्द विचारायचे, तो तीनदा म्हणायचा, मग वाक्य. तो लाजत नव्हता. दुसऱ्या दिवसापासून तर सर विचारायच्या आधी तोच सांगायचा. वाक्यं सगळी त्याच्या रोजच्या जगण्यातली. पाणी या शब्दावर म्हणाला, आमच्या गावचं पाणी गोड, इथलं लोखंडासारखं लागतं. डोळ्यावर म्हणाला, माझ्या बायकोचे डोळे मोठे आहेत, राग आला की आणखी मोठे होतात. ती आतून काहीतरी ओरडली, तेही यंत्रात गेलं. आगीवर बोलला तेव्हा सर इतके हसले की त्यांनी यंत्र थांबवलं. मी विचारलं तर सांगेनात. शेवटी त्यानेच सांगितलं.

"मी बोललो, शेडला आग लागली तर शेठ आधी कोंबड्या काढंल, मग आमाला."

मी म्हटलं, "खोटं आहे हे. पुसून टाका."

"असू दे ना शेठ," तो म्हणाला. "आपल्या दोघांनाच म्हायतीय."

एका दुपारी सरांनी त्याला एक रेकॉर्डिंग ऐकवलं. आपल्या महाराष्ट्रातच, मेळघाटात, कोरकू लोक राहतात. त्यांची भाषा संथालीच्या गोतातली. मराठीशी आणि हिंदीशी तिचं रक्ताचं नातं नाही, आणि संथाल मुलुखापासून इतक्या लांब राहूनही त्यांचे शब्द जुळतात. एक म्हातारी कोरकू बाई शब्द म्हणत होती. हाताला ती म्हणाली 'ती'. त्याने आपला हात वर केला. त्यांच्यातही 'ती'. कुत्र्याला ती 'सिता' म्हणाली, यांच्यात 'सेता'. तो गोणीवरून उठून यंत्राजवळ जमिनीवर येऊन बसला. बायकोला हाक मारली, तीही आली. दोघं त्या म्हातारीला उत्तरं द्यायला लागले, जणू ती समोर बसली आहे. काही शब्द अजिबात जुळत नव्हते, तेव्हा नाराज व्हायचे. सर म्हणाले, ही बाई आता राहिली नाही. त्याने यंत्राकडे बघितलं. मग मला म्हणाला, "वायली, येगळी झालेली घरं हायत शेठ. भांडण कशावरनं झालं ते कुणाला म्हायती नाय."

पावसाळा संपता संपता तो गेला. टोकावड्याहून चालत येत होता. मागून टेम्पोने उडवलं. दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं. बायकोला सातवा महिना होता. अग्नी इथेच दिला. तिने हाडांचे चार तुकडे मातीच्या नव्या गाडग्यात घेतले. त्यांच्यात ते दामोदर नदीत नेऊन सोडतात. पोट घेऊन आणि गाडगं घेऊन ती गावी गेली. मी म्हटलं, बाय, कोणीतरी सोबत देतो. ती नको म्हणाली.

दीड वर्षाने ती परत आली, कडेवर मुलगी. गावी भागत नव्हतं. मी तीच खोली दिली. सामान ठेवायच्या आधी तिने मला विचारलं, "शेठ, ते सर बोलले होते, आवाज राहील. तो आनाल का? हिला ऐकवायचाय."

त्याच्याकडे बटणांचा साधा मोबाइल होता, तो टेम्पोखाली गेला. दोघं कायम सोबत, त्यामुळे एकमेकांना फोन करायचा, काही बोलून पाठवायचा प्रश्नच नव्हता. फोटो आहे, आधार कार्डावरचा, ज्यात कोणीच स्वतःसारखं दिसत नाही. त्याचं बोलणं मात्र चौदा दुपारी, दोन-दोन तास, सरांच्या यंत्रात होतं. मी तिला छातीवर हात ठेवून सांगितलं, "तुझा नवरा माझ्यासमोर बोललाय. आणतो."

सरांना फोन केला. तो गेल्याचं ऐकून त्यांना खरंच वाईट वाटलं, हे मी कबूल करतो. म्हणाले, बघतो, पाठवतो. महिन्याने पुन्हा केला. कोशाचं छपाईचं काम चालू आहे, झालं की पाठवतो. मी धंद्यातला माणूस. 'पाठवतो' या शब्दाचे किती अर्थ असतात ते मला कळायला हवं होतं. पण शिकलेला माणूस, तिची भाषा बोलणारा माणूस, म्हणून मी थांबलो. थांबणं माझ्या स्वभावात नाही. इथे थांबलो.

मग पार्सल आलं. जाडजूड कोश, ठरल्याप्रमाणे दोन प्रती. ठरल्याप्रमाणे नाव, गावासकट. शब्द देवनागरीतही दिले होते, पुढे अर्थ, खाली त्याची वाक्यं. तिला वाचता येत नाही. मी ओट्यावर बसून वाचून दाखवायला लागलो. पाण्याचं वाक्य सापडलं, ते संथालीत जसं छापलंय तसं वाचलं. ती तोंडावर पदर धरून हसायला लागली.

"शेठ, हे कायतरी दुसरंच झालं."

पोरगीही हसली, आई हसतेय म्हणून. मी पुन्हा वाचलं, पुन्हा चुकलं. आगीचं वाक्यही सापडलं. ते मी वाचलं नाही.

पुस्तकाच्या मागे लिहिलं होतं की सगळ्या शब्दांचे उच्चार मोबाइलवर ऐकता येतील. मी तिच्या मोबाइलवर ते उतरवून घेतलं. तिने पोरीला मांडीवर घेतलं, केस नीट केले, जसं कोणी भेटायला येणार आहे. मी पहिला शब्द दाबला. 'ती', हात.

आवाज आला. स्वच्छ, गोल, रेडिओवरच्या बातम्यांसारखा.

तिने मोबाइल कानाला लावला. म्हणाली, परत. मी परत दाबलं. मग दुसरा शब्द, मग तिसरा.

"हा तो नाय," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मी संस्थेत गेलो. सरांनी चहा मागवला. मी चहा घेतला नाही. विचारलं, आवाज कुठे आहे. त्यांनी मला आत नेलं, लाकडी खणांचं कपाट उघडलं. खणांत कार्डं, हजारो. एक काढून माझ्यापुढे धरलं. "हे बघा, त्यांचं प्रत्येक वाक्य आहे. एकही सोडलेलं नाही."

"कागदाला कान लावू?"

"तसं नाही हो. आमची पद्धत असते. रेकॉर्डिंग ऐकून कार्ड करायचं, कार्ड तपासलं की मेमरी कार्ड पुसून पुढच्या गावाला वापरायचं. चांगली रेकॉर्डिंग आम्ही ठेवतो. पण यांच्यात..."

"यांच्यात काय?"

"सगळीकडे पिल्लांचा आवाज होता. ऐकवण्यासारखं नव्हतं ते. म्हणून आम्ही स्टुडिओत दुसऱ्या माणसाकडून शब्द म्हणवून घेतले."

मी टेबलावर हात आपटला. कप सांडला, तिथे काम करणारी दोन मुलं दारात येऊन उभी राहिली. मी म्हटलं, "तो कोंबड्यांतच राहत होता! त्याचा आवाज तसाच होता!" मी आणखी बरंच बोललो, त्यातलं काही लिहिण्यासारखं नाही. सर पुसत होते सांडलेला चहा. म्हणाले, "मी तुम्हाला तेव्हाच म्हटलं होतं, बंद खोलीत येऊ द्या."

मी उठलो आणि बाहेर पडलो.

घरी आल्यावर माझ्या बायकोला सांगितलं. ती भाकरी थापत होती. तिने मान वर केली नाही. "पिल्लं वाचवलीत ना? किती वाचली?" एवढंच म्हणाली.

ती खेप मला आठवते. फार थोडी मर झाली होती. पंचेचाळीस दिवसांनी गाडी लागली, माल गेला, कोणीतरी खाल्ला. इतक्या वर्षांत मी जितके भाव केले त्यात हा एकच असा की ज्यात मला सगळं मागितलं तसं मिळालं. नाव मागितलं, नाव मिळालं. प्रती मागितल्या, प्रती मिळाल्या. रेकॉर्डिंगची एक नक्कल मागायचं मला सुचलं नाही. माल वजन करून गाडीत चढवला की तो घेणाऱ्याचा, मागे वळून बघायचं नाही, ही माझी सवय. माणसाचं बोलणंही मी तसंच गाडीत चढवून दिलं.

त्याच्या बायकोला मी खरं सांगितलं नाही. म्हटलं, सर शोधतायत, खूप सामान आहे, वेळ लागेल. हे बोललो आणि खोलीबाहेर आलो. पण तिने आपल्या मनाशी वेगळंच धरलंय. तिला वाटतं, सर खोटं बोलणार नाहीत. त्यांनी तिच्या भाषेत सांगितलं होतं ना. म्हणजे तो आवाज त्या मोबाइलमध्येच आहे, इतक्या शब्दांत कुठेतरी, एखाद्या शब्दाला तो परका माणूस आजारी पडला असेल आणि तिथे याला ठेवला असेल. दुपारी काम आटपलं की ती पोरीला निजवते आणि ओट्यावर बसून एकेक शब्द दाबते. ऐकते, थांबते, पुढचा दाबते. वाचता येत नाही म्हणून कुठपर्यंत आलो ते खुणेने लक्षात ठेवते. परवा मला म्हणाली, "शेठ, अजून लय हायत." तिच्या आवाजात उमेद होती. पोरगी आता त्या परक्या माणसाच्या मागोमाग शब्द म्हणायला लागली आहे.

ते शब्द संपतील, सर. किती आहेत ते तुम्हालाच ठाऊक. शेवटचा दाबून झाला की ती माझ्याकडे येईल आणि तेव्हा मला खोटं बोलता येणार नाही. माझ्या वाट्याचा दोष मी घेतो, पिल्लं माझी होती आणि हट्टही माझा होता. पण आवाज राहील असं तिला मी नाही सांगितलं. ते तुम्ही सांगितलंत, तिच्या भाषेत, तिच्या डोळ्यात बघून, आणि त्यावर विश्वास ठेवून तिने नवऱ्याला हो म्हणायला लावलं. पुसण्याआधी तुम्ही एक फोन केला असता तर मी स्वतः येऊन ते पिल्लांसकट घेऊन गेलो असतो.

मला तुमची माफी नको, पत्र नको, पुस्तकाची तिसरी प्रत नको. तुम्ही टोकावड्याला या. ओट्यावर बसा, तिच्यासमोर. तुम्हाला तिच्या भाषेतला प्रत्येक शब्द येतो असं पुस्तकावर लिहिलंय. मग तिच्या नवऱ्याचा आवाज तुम्ही काय केलात ते त्याच भाषेत तिला सांगा, आणि ती जे विचारेल त्याचं उत्तर द्या. हे मी मराठीत सांगणार नाही. केव्हा येता ते कळवा.